कॅम्पर व्हॅनच्या छतावरील पंखा बसवताना

सोलापुरात मे महिन्यात पारा ४० अंशांच्या वर जातो, तेव्हा उभ्या व्हॅनमधील हवा बाहेरच्या हवेपेक्षाही तापते. ती बाहेर काढण्यासाठी छतावर १२ व्होल्टचा एक्झॉस्ट पंखा बसवावा. खिडकीच्या काचेत बसणारा विजेचा वायुवीजन पंखा जोसेफ अ‍ॅकेस्टर यांनी ब्रिटनमध्ये १९३६ साली तयार केला, आणि पुढे त्याच जातीचे, बॅटरीवर चालणारे छोटे पंखे बोटींत व कॅराव्हॅनमध्ये आले.

पंखा निवडताना आधी आतील घनफळ मोजावे. ४ मीटर लांब, १.८ मीटर रुंद आणि १.९ मीटर उंच व्हॅनमध्ये सुमारे १३.७ घनमीटर हवा मावते. तासाला १० वेळा ती बदलायची असेल, तर पंख्याने तासाला किमान १३७ घनमीटर हवा ओढली पाहिजे. मात्र हवा आत येण्याची वाट नसेल, तर कितीही मोठा पंखा नुसता घुमत राहतो, आणि ही चूक फार जण करतात. म्हणून सावलीच्या बाजूला, शक्य तितक्या खाली, जाळी लावलेली झडप ठेवावी.

२ अँपिअर घेणारा पंखा रात्रभर ८ तास चालल्यास १६ अँपिअर-तास खर्च होतात. फ्यूज बॅटरीजवळच लावावा. दुपारी पंखा आतील हवा बाहेरच्या तापमानाखाली नेऊ शकत नाही. त्याचा खरा उपयोग सूर्यास्तानंतर होतो.