आपल्या गावाचा पाण्याचा इतिहास कसा शोधायचा (सिन्नर, येवला, नांदगाव, बागलाणकरांसाठी खास)

नाशिक म्हटलं की लोकांना गोदावरी आणि धरणं आठवतात, पण इगतपुरीला तीन हजार मिमीच्या वर पाऊस आणि येवला-नांदगावकडे जेमतेम पाचशेच्या आसपास, त्यामुळे पूर्वेकडची गावं कुठं वसली, कशी टिकली हे पाण्यावरूनच कळतं.

सुरुवात धरणापासून करू नका, दारणा धरण १९१६ चं आहे, गावं त्याच्या कितीतरी आधीची. आधी तालुक्याच्या भूमी अभिलेख ऑफिसातून गावनकाशा काढा आणि त्यावर नाले, जुन्या विहिरी, पाणंद रस्ते पेनाने गडद करा. मग जुन्या गावठाणात, पांढरीत (जुन्या वस्तीच्या पांढऱ्या मातीच्या जागेत) फिरा, खापरं कुठं दिसतात आणि तिथून ओढा किती लांब आहे ते बघा, वस्ती बहुतेक पाण्याजवळ पण पुरापासून जरा वर असते.

मोसम, आरम, पांझरेच्या खोऱ्यात असाल तर फड शोधाच!! नदीवर दगडी बंधारा, त्यातून पाट, आणि पाटाखालची जमीन तीन-चार फडांत वाटलेली, एका फडात सगळ्यांनी एकच पीक घ्यायचं, पाणी द्यायला पाटकरी, त्याचा मोबदला धान्यात. पाणी कमी असलं की भांडत बसायचं नाही, फडच कमी भिजवायचे, आणि बऱ्याच जणांची जमीन वेगवेगळ्या फडांत असल्याने तोटाही वाटला जायचा. मला तर ही व्यवस्था आजच्या बोअरच्या शर्यतीपेक्षा खूप शहाणी वाटते. म्हणून नुसता बंधाऱ्याचा फोटो काढून येऊ नका, पाळी कशी ठरायची, पाट साफ कोण करायचं हे म्हाताऱ्या माणसांना विचारा. त्यांना "इतिहास सांगा" म्हटलं तर ते गप्प बसतात, "७२ च्या दुष्काळात पाणी कुठून आणायचात?" असं विचारा, मग बोलतात.

सातबाऱ्यातला गाव नमुना बाराही बघा, सिंचनाचं साधन तिथं नोंदलेलं असतं.

एकदा नाशिकजवळच्या पांडवलेणीला पण जाऊन या, दहा नंबरच्या लेण्यात क्षत्रप राजा नहपानाचा जावई उषवदात याचा लेख आहे, त्यात लेण्यासोबत पाण्याच्या पोढी (दगडात कोरलेल्या टाक्या) खोदवल्याचं आणि नद्यांच्या काठी पाणपोया घातल्याचं लिहिलंय, म्हणजे इसवी सनाच्या दुसऱ्या शतकातली नोंद.

बारव, म्हणजे पायऱ्यांची जुनी विहीर, बघायची तर एप्रिलमध्ये जा, पाणी खाली गेलेलं असतं, पायऱ्या आणि झऱ्याची तोंडं दिसतात. एकट्याने उतरू नका, शेवाळ आणि सैल दगड असतात, आणि मालकाला विचारल्याशिवाय तर नकोच.