नवरा-बायकोवरचा मूक विनोदी लघुपट: गंमत जुळवायची कशी

आधी एकच ठरवा: घोळ आधी कुणाला कळतो? मूकपटांतला विनोदवीर बस्टर कीटन याचा ‘वन वीक’ (१९२०) हा लघुपट पाहा. नवं जोडपं खोक्यांतून आलेलं घर स्वतः जोडतं. नवरीने नाकारलेला माणूस खोक्यांवरचे आकडे बदलतो. हे आपण पाहिलेलं असतं, जोडप्याने नाही. म्हणून घर वेडंवाकडं उभं राहिलं की हसू फुटतं. शेवटी घर रुळांवर अडकतं तेव्हा मात्र उलट. शेजारी आणखी एक रूळ आहे हे कॅमेऱ्याच्या कोनामुळे आपल्यालाही दिसत नाही. गाडी बाजूने निघून जाते, सगळे सुस्कारा सोडतात आणि समोरून आलेली दुसरी गाडी घराचा चुराडा करते. किती नेमकी मांडणी!

तुमच्यासाठी साधा प्रसंग: इस्त्री करताना नवऱ्याकडून बायकोची साडी जळते. जळका डाग प्रेक्षकाला आधी जवळून, तीनेक सेकंद दाखवा. हा शॉट घाईत उरकला तर पुढची सगळी लपवाछपवी कुणाला कळत नाही. मग लपवणं तीनदा, दर वेळी जास्त अवघड: आधी तो डागावर हात ठेवतो, मग त्यावर बसतो, मग बायको नेमकी तीच साडी मागते. तिसऱ्या वेळी तिने त्याच्यावर मात करावी. बायको नुसती ओरडणारी ठेवली तर प्रसंग तिथेच मरतो; ‘वन वीक’मधली नवरी (सिबिल सीली) नवऱ्याच्या बरोबरीने राबते, म्हणूनच ते जोडपं आपलं वाटतं.

कॅमेरा स्टँडवर, छातीच्या उंचीला. दोघं डोक्यापासून पावलांपर्यंत दिसायला हवीत, कारण अर्धा अभिनय पायांचा असतो. पडणं, आपटणं मध्ये न तोडता एकाच शॉटमध्ये घ्या. तोडलंत की खरं वाटत नाही.

वेगात बहुतेकांची फसगत होते. सेकंदाला २४ फ्रेमने चित्रित करा आणि एडिटिंगमध्ये फक्त चालण्या-पळण्याचे शॉट १२० टक्के करा. १० सेकंदांचा शॉट साधारण ८.३ सेकंदांचा होतो. पडण्याचे शॉट मूळ वेगातच ठेवा, नाहीतर माणसाचं वजन जातं आणि तो कागदाचा वाटतो.

संवादपाट्या, म्हणजे पडद्यावर संवाद लिहून दाखवणाऱ्या पाट्या, कमीत कमी. प्रत्येक पाटी सावकाश दोनदा वाचून होईल इतकाच वेळ ठेवा. नवऱ्याची थाप पाटीवर आली, तर लगेच पुढचा शॉट जळक्या डागाचा हवा.