आई गेल्यावर "वर्षाच्या आत लग्न उरका" म्हणतात तेव्हा काय करायचं

तेरावं होतं न होतं तोच कोणीतरी म्हणतंच, पोरीचं वर्षाच्या आत उरका नाहीतर तीन वर्षं थांबावं लागेल. माझं ठरलेलं होतं, तरी या एका वाक्यापायी आमचं मोडायची वेळ आली, कारण मला धड रडायलाही मिळालं नव्हतं आणि त्याच्या घरचे हॉल बुक करू का विचारत होते. आत्ता यातून जाणाऱ्या मुलींसाठी लिहितेय.

तारखेला लगेच हो म्हणू नका, नाहीही म्हणू नका. तीन महिने हा विषय नको एवढंच, आणि तेही बाबांना नाहीतर मावशीला सांगायला लावा, मोठ्यांचं ऐकतात.

मृत्यूची नोंद 21 दिवसांत करायची असते, दाखल्याच्या आठ-दहा प्रती एकदमच काढा, बँक, विमा, पीएफ सगळीकडे मागतात. आईचं सिम इतक्यात बंद करू नका, ओटीपी त्यावरच येतात. तिचे व्हॉइस मेसेज आधी सेव्ह करा. माझ्याकडे एकच आहे, सात सेकंदांचा, "येताना कोथिंबीर आण गं".

त्याच्याशी बोलणं सगळ्यात अवघड. तो "सावर आता" म्हणायचा आणि मी फोन कट करायचे, महिनाभर हेच. शेवटी टाइप करून पाठवलं, सल्ला नको, रोज वीस मिनिटं नुसतं ऐक, मला आईबद्दल बोलू दे. आणि हो, त्यालाही विचारा. मी विचारलं तर म्हणाला, काकूंनी दिलेल्या लोणच्याच्या बरणीत दोन फोडी उरल्यात, खाववत नाहीत. तोवर मला वाटायचं दुःख माझ्या एकटीचं आहे.

आईच्या आजारपणात नोकरी सुटली असेल तर लगेच मोठं काही ठरवू नका, आधी घराबाहेरची एक वेळ बांधून घ्या. मी अभ्यासिकेत 7 ते 9 बसायचे, पहिले पंधरा दिवस पुस्तक नुसतं उघडं, पण चालतं, नंतर आपोआप पानं उलटायला लागली आणि कुठला फॉर्म भरायचा तेही सुचलं.

रात्री अगदीच असह्य झालं तर टेली मानस ही मानसिक आधाराची हेल्पलाइन, 14416, सरकारी आहे, फुकट, चोवीस तास, मराठीत बोलता येतं. लाजू नका.

आमचं दीड वर्षाने झालं, रजिस्टर (नोटीस 30 दिवस आधी द्यावी लागते, ते धरून चाला). ती बरणी तो धुऊन घेऊन आला होता, यंदाचं लोणचं मी त्यातच घातलंय.