चेंडू उसळवायचा तर चित्रांमधलं अंतर सांभाळा

मुलांना वहीच्या कोपऱ्यावर हलतं चित्र काढायला शिकवताय? मग एक गोष्ट आधी सांगा: हालचाल दिसते ती दोन चित्रांमधल्या अंतरामुळे. सिनेमात सेकंदाला २४ चौकटी (फ्रेम, म्हणजे एकेक स्थिर चित्र) जातात. हाताने काढलेल्या अ‍ॅनिमेशनमध्ये बरेचदा एकच चित्र दोन चौकटींना वापरतात, म्हणजे १२ चित्रांत सेकंद भागतो.

ठाण्याला तलावपाळीच्या कट्ट्यावर बसून मी आणि भाचीने उसळता चेंडू काढला. तिने सगळी चित्रं सारख्या अंतरावर काढली, तर चेंडू लिफ्टसारखा नुसता वर-खाली सरकला. मग उसळीच्या टोकाला चित्रं अगदी खेटून काढली, जमिनीकडे येताना लांब लांब. जमिनीला टेकतो त्या एकाच पानावर चेंडू चपटा केला. मात्र जेवढा दाबला तेवढा आडवा फुगवायचा, नाहीतर तो आकसल्यासारखा वाटतो. पानं भरभर सोडली आणि चेंडूला खरंच वजन आलं! पोरीने वीसेक वेळा तरी पाहिलं.

वही पातळ कागदाची घ्या आणि शेवटच्या पानापासून काढत पुढे या. खालचं चित्र वरच्या पानातून दिसतं, अंदाज चुकत नाही.