उभे राहताच भोवळ येत असेल तर काय करावे

माणूस उभा राहिला की गुरुत्वाकर्षणामुळे अर्धा ते पाऊण लिटर रक्त पायांतल्या आणि पोटातल्या शिरांमध्ये उतरते. मानेतील व हृदयाजवळील मोठ्या धमन्यांच्या भिंतींत असलेल्या मज्जातंतूंच्या टोकांना दाब घटल्याचे लगेच जाणवते, मग हृदयाचे ठोके वाढतात, रक्तवाहिन्या आकुंचन पावतात आणि आपल्याला काही कळायच्या आत सारे पूर्ववत होते. शरीरात पाणी कमी असेल, बरेच दिवस अंथरुणात गेले असतील, जुन्या मधुमेहाने किंवा पार्किन्सनने (कंपवाताने) ही सावरासावर आपोआप घडवणारी स्वयंचलित मज्जासंस्था दुबळी झाली असेल किंवा औषधांनी तिचे हात बांधले असतील, तर ही सावरासावर अपुरी पडते. डोळ्यांपुढे अंधारी येते आणि कधी शुद्धही हरपते.

दवाखान्यात रक्तदाब बहुधा बसवूनच मोजतात, त्यामुळे हा दोष नजरेतून सुटतो. घरी यंत्र असल्यास पाच मिनिटे शांत आडवे पडून रक्तदाब व नाडी मोजावी, नंतर उभे राहून पहिल्या आणि तिसऱ्या मिनिटाला पुन्हा मोजावी. यंत्राचा पट्टा दंडावरच ठेवावा, तो हात हृदयाच्या पातळीवर आधाराने धरावा आणि शेजारी कोणीतरी उभे असावे. भोवळ येऊ लागल्यास मोजणी तिथेच सोडून बसावे. वरचा आकडा २० किंवा खालचा १० अंकांनी, अथवा त्याहून अधिक उतरला, तर तो उभे राहिल्याने घटलेला रक्तदाब समजतात. सकाळी उठल्यावर आणि भरपेट जेवणानंतर ही घट जास्त दिसते, म्हणून वेळही टिपून ठेवावी.

उठताना घाई करू नये, असे सगळेच सांगतात, पण नेमके काय करावे हे क्वचितच सांगितले जाते. आधी कुशीवर वळावे, हाताच्या आधाराने उठून पाय खाली सोडून बसावे, घोटे दहा-पंधरा वेळा वरखाली हलवावेत, मुठी आवळाव्यात आणि डोके हलके वाटत नाही ना, याची खात्री झाल्यावरच उभे राहावे. उभे राहिल्यावर लगेच चालू लागू नये. रात्री लघवीला उठण्याची वेळ सर्वांत धोक्याची असते. पुरुषांनीही तेव्हा बसूनच लघवी करावी.

अंधारी येऊ लागली तर भिंत गाठण्याच्या प्रयत्नात न पडता तिथल्या तिथे उकिडवे बसावे किंवा आडवे व्हावे. ते शक्य नसेल तर पायावर पाय टाकून मांड्या, नितंब आणि पोट घट्ट आवळून धरावे. आवळलेले स्नायू पायांतले रक्त वर ढकलतात. लोकलज्जेने उभे राहण्यापेक्षा जमिनीवर बसणे केव्हाही बरे. दुसरे कोणी कोसळल्यास त्याला उताणे निजवून पाय उंच करावेत. खुर्चीत बसवून ठेवणे किंवा तोंडात पाणी ओतणे हे दोन्ही चुकीचे आहे.

दिवसभर पुरेसे पाणी प्यावे, मद्य आणि फार गरम पाण्याची अंघोळ टाळावी. मीठ वाढवण्याचा सल्ला मात्र ऐकीव माहितीवर अमलात आणू नये, कारण उच्च रक्तदाब, हृदयविकार किंवा मूत्रपिंडाचा विकार असल्यास तो अंगलट येतो. लघवी वाढवणाऱ्या गोळ्या, प्रोस्टेटसाठीची काही औषधे, छातीदुखीवरील नायट्रेट आणि नैराश्यावरील काही औषधे यांनी हा त्रास होऊ शकतो; तरीही ती परस्पर बंद न करता सर्व गोळ्यांची पाकिटे आणि टिपलेले आकडे डॉक्टरांपुढे ठेवावेत. श्रम करताना किंवा आडवे असताना शुद्ध हरपली, सोबत छातीत दुखले, धडधडले, बोलणे अडखळले किंवा शौच डांबरासारखे काळे झाले, तर मोजमापाच्या फंदात न पडता तातडीने रुग्णालय गाठावे. पडताना डोक्याला मार बसला असेल आणि रक्त पातळ करणारी गोळी चालू असेल, तर बरे वाटत असले तरी त्याच दिवशी तपासून घ्यावे.