‘क्लीव्ह’चा अर्थ कसा लावावा

इंग्रजीतील ‘क्लीव्ह’ या क्रियापदाचा एक अर्थ चिरणे, दुभंगणे असा आहे आणि दुसरा नेमका उलटा, म्हणजे घट्ट चिकटून राहणे, असा आहे. आपल्याकडेही दार लावले की ते बंद होते आणि दिवा लावला की तो पेटतो. परंतु तेथे ‘लावणे’ हे एकच क्रियापद आहे, तर ‘क्लीव्ह’ मुळात दोन आहेत. जुन्या इंग्रजीत चिरण्यासाठी ‘क्लेओफान’ आणि चिकटण्यासाठी ‘क्लिफियान’ अशी स्वतंत्र क्रियापदे होती. पुढे उच्चार झिजत जाऊन दोन्हींचे रूप एक झाले, अर्थ मात्र वेगळेच राहिले.

वाचताना हा शब्द आढळला, तर प्रथम त्याच्या पुढे काय आहे ते पाहावे. ‘टू’ किंवा जुन्या लेखनातील ‘अन्टू’ असेल, तर चिकटण्याचा अर्थ घ्यावा. थेट कर्म किंवा ‘थ्रू’ असेल, तर चिरण्याचा. ‘क्लेफ्ट’ आणि ‘क्लोव्हन’ ही रूपे चिरण्याचीच आहेत, म्हणून दुभंगलेल्या टाळूला ‘क्लेफ्ट पॅलेट’ आणि गाईच्या दुभंगलेल्या खुराला ‘क्लोव्हन हूफ’ म्हणतात. खाटकाचा सत्तूर, म्हणजे ‘क्लीव्हर’, याच घराण्यातला. ‘क्लीव्ह्ड’ हे रूप मात्र दोन्हीकडे चालते.

केवळ रूपावर विसंबणे किती धोक्याचे आहे, हे 1611 च्या इंग्रजी बायबलमध्ये दिसते. तेथे अब्राहाम होमासाठी लाकडे फोडतो तेव्हा ‘क्लेव्ह’ हे भूतकाळी रूप येते, आणि विधवा रूथ सासूला सोडून जायला तयार होत नाही तेव्हाही तेच; फरक एवढाच, की रूथच्या वाक्यात पुढे ‘अन्टू’ आहे.

मराठीत आणताना एकच प्रतिशब्द ठरवून ठेवू नये. लाकूड फोडतात, लाट कापत नाव जाते, माणसाला बिलगतात आणि श्रद्धा धरून ठेवतात. या प्रत्येक ठिकाणी इंग्रजीत ‘क्लीव्ह’ येऊ शकते.

स्वयंपाकघरातला ‘क्लोव्ह’ मात्र फसवा आहे. लसणीच्या पाकळीला लावलेला ‘क्लोव्ह’ चिरण्याच्या ‘क्लीव्ह’शी नाते सांगतो, कारण गड्डा पाकळ्यांत फुटतो, लवंगेचा ‘क्लोव्ह’ खिळ्याला म्हणतात त्या फ्रेंच ‘क्लू’वरून आला, आणि लवंग बोटात धरून पाहिली की का ते कळते.