सवलत नेमकी कुठे असते? : विजा-अ च्या एका उमेदवाराचा अनुभव

स्पर्धा परीक्षेच्या तयारीला पुण्यात आलो त्या आठवड्यातच अभ्यासिकेतला शेजारचा म्हणाला, "तुझं काय बाबा, तुला सवलत आहे." त्याला टोमणा मारायचा होता. मी मात्र ते खरं धरून बसलो, आणि त्यात माझं वर्ष गेलं.

मी पुसद तालुक्यातल्या तांड्यावरचा. याडी-बा (आई-वडील) दिवाळीनंतर ऊसतोडीला जायचे, मी आश्रमशाळेत. राज्यात आम्ही बंजारा विमुक्त जातींत, म्हणजे विजा-अ. दिल्लीच्या यादीत असा प्रवर्गच नाही. यूपीएससीच्या फॉर्मवर आम्ही ओबीसी. (हाच समाज तेलंगणात एसटी, कर्नाटकात एससी. चहावर हे कुणाला समजावायला बसलो की चहा गार होतो.) धनगर, वंजारी मित्रांचंही तेच : राज्यात एनटी (भटक्या जमाती), केंद्रात ओबीसी.

पहिल्या खेपेला माझ्याकडे राज्याचं नॉन-क्रिमिलेअर, म्हणजे आपण सधन गटात नसल्याचा दाखला, होतं. केंद्राच्या नमुन्यातला दाखला वेगळा काढावा लागतो, हे मला अर्जाची मुदत संपायच्या दोन दिवस आधी कळलं, आणि ते नेमके शनिवार-रविवार. दाखल्यावरची तारीख मुदतीच्या आतली लागते. शेवटी ओपनमधून फॉर्म भरला, पूर्व परीक्षेत उडालो. पूर्व परीक्षेच्या एका पेपरला जरी बसलात तरी अटेम्प्ट मोजला जातो, त्यामुळे तोही गेला. नवख्यांनी पुस्तकांच्या आधी दाखल्यांची फाइल करावी, असं मी म्हणतो ते यामुळेच. आणि एक : वडील जिल्हा परिषदेत शिक्षक, वर्षाचा पगार आठ लाखांवर, म्हणून आपण क्रिमिलेअर, असं समजून अर्ज न करणारे मी पाहिलेत. ओबीसीच्या उत्पन्नाच्या निकषात पगार आणि शेतीचं उत्पन्न धरत नाहीत. आई-वडिलांचं पद कोणत्या वर्गाचं, ते वेगळं बघतात. ईडब्ल्यूएसला (ओपनमधल्या आर्थिक दुर्बलांना) मात्र सगळंच धरतात.

आता गुणांचं. 2023 च्या नागरी सेवा पूर्व परीक्षेत ओपनचा कटऑफ 75.41 होता आणि ओबीसीचा 74.75. म्हणजे एका गुणाचाही फरक नाही, आणि एक बरोबर उत्तर दोन गुणांचं असतं! एससीचा 59.25, एसटीचा 47.82, तिथे अंतर मोठं आहे. अंतिम यादीत एकूण 2025 गुणांपैकी ओपन 953, ओबीसी 919. हे 34 गुण कुणी ताटात वाढत नाही. प्रत्येक प्रवर्गाची स्वतःची रांग असते, आणि तुमच्या रांगेतला शेवटचा माणूस जिथे थांबतो तो तुमचा कटऑफ.

काही दारांवर तर सवलत नावालाही नाही. सीसॅटला, म्हणजे पूर्व परीक्षेच्या दुसऱ्या पेपरला, 33 टक्के सगळ्यांना सारखेच. मुख्य परीक्षेतल्या इंग्रजी आणि भारतीय भाषेच्या पेपरला 300 पैकी 75, तेही सगळ्यांना. मी पुढच्या खेपेला मुख्यपर्यंत गेलो आणि इंग्रजीत पडलो. ते गुण यादीत धरत नाहीत, म्हणून मी तो पेपर हातातच घेतला नव्हता. पण त्यात पडलं की बाकीचे पेपर हिशोबातच येत नाहीत. आश्रमशाळेतल्या माझ्यासारख्यांनी रोज अर्धा तास इंग्रजी लिहावं. वाचून भागत नाही.

खरा फायदा झाला तो वयाचा. यूपीएससीला ओपनसाठी 32 वर्षं आणि सहा अटेम्प्ट, ओबीसीला 35 आणि नऊ, एससी-एसटीला 37 आणि अटेम्प्टची मर्यादा नाही. ईडब्ल्यूएसला वयात काही मिळत नाही. एमपीएससीच्या राज्यसेवेत ओपनला 38, मागासवर्गीयांना 43. पदवीनंतर तीन वर्षं मी कारखान्यावर हिशोबनीस होतो, कारण धाकटीचं लग्न होतं. ती तीन वर्षं मला परत मिळाली, इतकंच. पण याला एक दुसरी बाजू आहे. वयाची किंवा अटेम्प्टची सवलत वापरून ओपनच्या वर गुण घेतले तरी यूपीएससी तुम्हाला ओपनच्या जागेत धरत नाही. नियमात तशी मनाई असेल तर ती चालते, असं सर्वोच्च न्यायालयाने 2017 मध्ये दीपा ई. व्ही. प्रकरणात सांगितलं. तेव्हा पहिले अटेम्प्ट गंमत म्हणून देऊ नका.

नोकरीत आल्यावर खात्यातल्या बढतीच्या परीक्षा असतात. सर्वोच्च न्यायालयाच्या 1996 च्या निकालाने तिथली गुणांची सूट गेली होती. 2000 च्या 82 व्या घटनादुरुस्तीने ती पुन्हा देता येऊ लागली, पण घटनेच्या कलम 335 मध्ये तेव्हा जोडलेली ती तरतूद एससी-एसटीपुरती आहे. आम्ही त्यात नाही.

यूपीएससी काही झाली नाही. राज्यसेवेतून नायब तहसीलदार झालो, विजा-अ मधूनच, आणि ते सांगताना मी आवाज खाली आणत नाही. आता टेबलाच्या अलीकडे बसतो. परवा एक मुलगी उत्पन्नाच्या दाखल्यासाठी आली, सोबत तिचा बा, डोक्याला मुंडासं. नॉन-क्रिमिलेअरला लागतोय म्हणाली. मी विचारलं, "राज्याचं काढायचंय की केंद्राचं?"

"दोन असतात का, सर?"

खुर्ची पुढे केली आणि शिपायाला दोन चहा सांगितले.